स्पितीचं थंड वाळवंट: डोंगरानेच केलेलं, डोंगरानेच पोसलेलं

२७ सप्टेंबर २०२५ रोजी चीनमधल्या हांगझोऊ इथल्या बैठकीत युनेस्कोने जगातल्या २६ नव्या जागा आपल्या बायोस्फिअर रिझर्वच्या, म्हणजे माणूस आणि निसर्ग दोघांना धरून राखलेल्या क्षेत्रांच्या, यादीत घेतल्या. भारतातून त्यात हिमाचल प्रदेशातलं थंड वाळवंट होतं. या जागतिक यादीतलं भारताचं हे तेरावं क्षेत्र. आपल्याकडच्या पेपरांत बातमी आली ती चार ओळींची. त्या चार ओळींत ‘वाळवंट’ आणि ‘हिमालय’ हे दोन शब्द शेजारी शेजारी होते आणि त्यांचा एकमेकांशी संबंध काय, हे कोणी सांगितलं नाही.

बाइक घेऊन मनालीहून लेहला गेलेल्या पुण्या-मुंबईच्या मंडळींनी हा प्रदेश बहुतेक वेळा पाहिलेला असतो, फक्त आपण कुठून चाललो आहोत हे ठाऊक नसतं. बारालाचा ला ही खिंड ओलांडली की भरतपूर लागतं, पुढे सरचू. तंबू, मॅगी, डोकेदुखी आणि चारी बाजूंना तपकिरी डोंगर. ते सरचूचं माळरान याच क्षेत्रात येतं. त्याशिवाय स्पितीचं खोरं, पिन व्हॅली राष्ट्रीय उद्यान, किब्बर अभयारण्य आणि चंद्रताल सरोवराचा परिसर. सगळं मिळून ७,७७० चौरस किलोमीटर.

हे क्षेत्र सुरू होतं ३,३०० मीटर उंचीवर आणि संपतं ६,६०० मीटरवर. म्हणजे त्याचा सगळ्यात खालचा कोपरा आपल्या कळसूबाईच्या दुप्पट उंचीवर आहे आणि माथा चौपट.

वाळू नसलेलं वाळवंट

वाळवंट ठरतं ते पाण्याच्या हिशेबावर. वाळू किंवा उन्हाचा चटका ही त्याची अट नाही. ढोबळ मानाने, जिथे वर्षभरात पाऊस आणि बर्फ मिळून २५० मिलिमीटरपेक्षा कमी पाणी पडतं, तो प्रदेश वाळवंट. या हिशेबाने पृथ्वीवरचं सर्वांत मोठं वाळवंट सहारा नसून अंटार्क्टिका आहे.

स्पिती या व्याख्येत बसते. हिवाळ्यात इथे पारा शून्याखाली २५-३० अंशांपर्यंत जातो. हवा विरळ: चार हजार मीटरवर हवेचा दाब समुद्रकाठच्या दाबाच्या साठ टक्क्यांच्या आसपास असतो. ऊन अडवायला ढग नाहीत आणि ऊब धरून ठेवायला हवेत पुरेसं बाष्प नाही. त्यामुळे दुपारी कातडी भाजते आणि सूर्य डोंगराआड गेला की अर्ध्या तासात जाकीट लागतं. झाडं जवळजवळ नाहीत, माती सैल आणि दगडगोट्यांची. सहारातल्या कुणाला इथे आणून सोडलं तर थंडीने तो गारठेल खरा, पण पाण्याची काळजी कशी करायची हे त्याला शिकवावं लागणार नाही.

ढग अडतात कुठे?

हे समजायला सातारा जिल्हा पुरे. महाबळेश्वरला वर्षाला साडेपाच हजार मिलिमीटरच्या पुढे पाऊस कोसळतो आणि त्याच जिल्ह्यातल्या माण-खटावला पाचशेच्या आसपास पाऊस झाला तरी बरं साल म्हणायचं. समुद्रावरून आलेली दमट हवा सह्याद्रीला धडकते, वर चढते, चढताना थंड होते. थंड हवेत फारसं बाष्प राहू शकत नाही, ते पाऊस होऊन पडतं. घाटमाथा ओलांडून हवा पलीकडे उतरते तेव्हा ती कोरडी झालेली असते आणि उतरताना पुन्हा तापते. डोंगराच्या आड असलेल्या या कोरड्या पट्ट्याला पर्जन्यछायेचा प्रदेश म्हणतात. शाळेत भूगोलाच्या पेपरात हा प्रश्न दोन मार्कांना येतो. माणच्या शेतकऱ्याच्या आयुष्यात तो बाराही महिने येतो.

सह्याद्रीचा घाटमाथा हजार-दीड हजार मीटरचा. हिमाचलमध्ये मोसमी वाऱ्यांना एकामागोमाग एक अशा तीन भिंती ओलांडाव्या लागतात: धौलाधार, मग पीर पंजाल, मग मुख्य हिमालय. पहिल्याच भिंतीच्या पायथ्याशी असलेल्या धरमशालेला वर्षाला सुमारे तीन हजार मिलिमीटर पाऊस पडतो. दुसरी भिंत येईपर्यंत ढग निम्मे रिकामे झालेले असतात. मनालीच्या बाजूला देवदारांचं दाट जंगल आहे. २०२० साली सुरू झालेल्या, नऊ किलोमीटर लांबीच्या अटल बोगद्यातून पलीकडे लाहौलमध्ये बाहेर पडलं की डोंगरांचा रंगच बदललेला दिसतो. आणि मग साडेचार हजार मीटरवरची कुंझुम खिंड चढून स्पितीत उतरलं की उरलीसुरली हिरवाईही संपते. मोसमी पावसाचा महिना म्हणून आपण जो ऑगस्ट ओळखतो, तो इथे निळ्या आभाळाचा महिना असतो. निदान आजवर तसा असायचा.

इथलं बहुतेक पाणी येतं हिवाळ्यात आणि तेही वेगळ्याच दिशेने. डिसेंबर ते मार्चदरम्यान भूमध्य समुद्राकडून निघणारे पश्चिमी झंझावात उत्तर भारतात पोचतात. त्यांची झेप मोसमी ढगांपेक्षा उंच असते, म्हणून ते या भिंतींवरून थोडंफार पलीकडे पोचवतात. बर्फाच्या रूपात.

म्हणजे या क्षेत्रात वाळवंट आणि पर्वत असे दोन वेगळे प्रदेश शेजारी आहेत असं नाही. पर्वताने ढग अडवले म्हणून खाली वाळवंट झालं. आणि त्याच पर्वताच्या माथ्यावर साठलेला बर्फ वितळतो म्हणून त्या वाळवंटात माणसं, मटार आणि हिमबिबटे आहेत. पुढचं सगळं या एका गोष्टीवर उभं आहे.

मग पाणी मिळतं कसं?

पावसाचं पाणी म्हणजे हातात आलेली रोख रक्कम. आली, खर्च झाली. हिवाळ्यात उतारावर साठणारा बर्फ म्हणजे बचत खातं: चार महिने भरत राहायचं आणि उन्हाळ्यात लागेल तसं काढायचं. हिमनदी ही पिढ्यान्‌पिढ्यांपूर्वी केलेली मुदत ठेव, जिच्या व्याजावर घर चालतं. स्पितीत रोख जवळजवळ नाहीच. सगळा संसार बचत खातं आणि व्याज यांवर. एखाद्या हिवाळ्यात बर्फ कमी पडला तर पुढच्या उन्हाळ्यात मुदत ठेव मोडावी लागते. ती पुन्हा कशी भरायची, हे कुठल्याच गावाच्या हातात नसतं.

हे पाणी शेतापर्यंत आणणाऱ्या कालव्याला हिमाचलात कूल्ह म्हणतात. वरच्या नाल्यातून किंवा हिमनदीच्या तोंडापासून, डोंगराच्या कडेकडेने, उतार साधत, काही ठिकाणी कित्येक किलोमीटर. ज्याची पाळी त्याने पाणी घ्यायचं आणि गावाने मिळून दुरुस्ती करायची. आपल्याकडे धुळे-नाशिकच्या फड पद्धतीत पाणी वाटून घेण्याचे नियम कसे काटेकोर असतात हे ज्यांनी पाहिलं आहे, त्यांना इथलं भांडण आणि इथली समजूत दोन्ही लगेच कळतील.

पूर्वी जव हे मुख्य पीक होतं. आता मटार. मैदानी भागात मटार नसतो त्या ऑगस्ट-सप्टेंबरात स्पितीचा मटार तयार होतो आणि चांगला भाव घेतो. या एका पिकाने इथल्या घरांत रोख पैसा आणला. पण मटाराला पाणी वेळेवर लागतं. कूल्ह जूनमध्ये आटली तर पुढचे दोन महिने शेतकऱ्याला आभाळाकडे बघण्याचाही पर्याय नसतो, कारण आभाळातून काही येणारच नसतं.

एवढ्याशा पाण्याचा प्रवास मात्र लांबचा आहे. स्पिती नदी खाब इथे सतलजला मिळते. सतलज पुढे भाक्रा धरणात अडते आणि पंजाबात हरिके इथे बियासला भेटते. त्या संगमाखालच्या बंधाऱ्यातून निघणारा इंदिरा गांधी कालवा राजस्थानात थरच्या वाळवंटापर्यंत जातो. थंड वाळवंटातला बर्फ थोडाफार का होईना उष्ण वाळवंटातल्या शेताला मिळतो. स्पितीत किती बर्फ पडला, याच्याशी बिकानेरच्या शेतकऱ्याचं देणंघेणं आहे, हे त्याला कुणी सांगत नाही इतकंच.

‘इथे आहेच काय जपायला?’

सरकारी कागदांनीही हा प्रश्न वेगळ्या शब्दांत विचारलेला आहे. देशाच्या पडीक जमिनींचा जो नकाशासंग्रह निघतो, त्यात उघडे खडकाळ प्रदेश आणि बर्फाच्छादित-हिमनदीचे प्रदेश हेही ‘पडीक’च्या वर्गात मोजलेले आहेत. शेतसाऱ्याच्या दृष्टीने पाहिलं की असं होतं.

प्रत्यक्षात या क्षेत्रात साडेसहाशेहून जास्त जातींच्या लहान वनस्पती, ४१ प्रकारची झुडपं आणि १७ प्रकारची झाडं नोंदलेली आहेत. त्यांतल्या ४७ औषधी वनस्पती इथले पारंपरिक वैद्य सोवा-रिग्पा या तिबेटी वैद्यक पद्धतीत वापरतात. सस्तन प्राण्यांच्या १७ आणि पक्ष्यांच्या ११९ जाती. गाडीतून जाणाऱ्याला यातलं काही दिसत नाही, कारण इथली झाडोऱ्याची रीत उलटी आहे: वर बोटभर आणि खाली हातभर. पुष्कळ वनस्पती जमिनीला चिकटून, उशीसारख्या घट्ट गोळ्यात वाढतात. त्या गोळ्याच्या आत वारा शिरत नाही आणि दिवसाची ऊब थोडी टिकते. मुळं खोल आणि पसरलेली. मे ते सप्टेंबर एवढ्या चार-पाच महिन्यांत उगवणं, फुलणं, बी धरणं सगळं उरकायचं असतं. अशा रोपावरून मोटारसायकलचं चाक गेलं तर ते दोन पावसाळ्यांत भरून येत नाही. पावसाळाच नाही.

उतार कुठे तोंड करून आहे यावरही सगळं ठरतं. दक्षिणेकडे तोंड असलेल्या उतारावर ऊन जास्त, बर्फ लवकर जातो आणि जमीन लवकर कोरडी पडते. उत्तरेकडच्या उतारावर बर्फ रेंगाळतो, ओल टिकते. एकाच नाल्याच्या एका काठावर वाळवंट आणि समोरच्या काठावर डोंगरी कुरण, असं चित्र त्यामुळे दिसतं.

लांगझा गावाजवळ समुद्री जीवांचे जीवाश्म सापडतात. हिमालय उभा राहण्यापूर्वी इथे टेथिस नावाचा समुद्र होता, त्याच्या तळाचा चिखल आज चार हजार मीटरवर आहे. आपल्या देवघरातले गंडकीचे शाळिग्राम हेही त्याच समुद्रातल्या, त्याच घराण्यातल्या शंखधारी जीवांचे अवशेष. लांगझाला पर्यटकांना हे जीवाश्म विकले जातात. घेऊ नयेत. अभ्यासकाच्या दृष्टीने जागेवरून उचललेला जीवाश्म अर्धा मुका होतो.

हिमबिबट्याचा हिशेब गवतापासून

हिमबिबट्या हा हिमाचलचा राज्यप्राणी. जवळपास मीटरभर लांब, जाड शेपूट तोल सांभाळायला आणि झोपताना तोंडावर घ्यायला. रुंद, केसाळ पंजे बर्फात न रुतण्यासाठी. तो गर्जना करू शकत नाही. फोटो त्याचा छापला जातो, पण समजून घ्यायचं असेल तर सुरुवात गवतापासून करावी लागते.

एका हिमबिबट्याला वर्षाला साधारण २० ते ३० मोठे भरल लागतात असा अंदाज आहे. भरल म्हणजे मेंढी आणि बकरी यांच्या मधला, निळसर करड्या रंगाचा रानटी प्राणी. स्पितीच्या खोऱ्यात त्यांची संख्या आठशेच्या वर आहे. पिनच्या खोऱ्यात त्याची जागा आयबेक्स ही मोठ्या शिंगांची रानबकरी घेते. कळपातून दरवर्षी २०-३० जनावरं गेली आणि तरी कळप टिकला, असं व्हायला कळप शे-दोनशेचा हवा. त्या कळपाला गवत हवं. आणि तेच गवत गावातल्या याक, झो (याक आणि गाय यांचा संकर), गाढवं, शेळ्या-मेंढ्या यांनाही हवं असतं. उन्हाळ्यात बाहेरचे मेंढपाळही आपले कळप घेऊन वर येतात.

गुरं वाढली की भरल कमी होतात. भरल कमी झाले की हिमबिबट्या आणि लांडगा गोठ्याकडे वळतात. १९९०च्या दशकात किब्बर परिसरात झालेल्या एका अभ्यासात घरटी वर्षाला दीड जनावर वन्य प्राण्यांच्या तोंडी जात असल्याचं दिसलं. एका माणसाच्या वर्षभराच्या सरासरी कमाईच्या निम्मं हे नुकसान होतं. अशा वेळी गावकऱ्याने हिमबिबट्यावर दगड उचलला तर त्याला दोष द्यायला शहरातल्या माणसाची जीभ जड व्हायला हवी.

वन्यजीव अभ्यासक चारुदत्त मिश्रा आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी इथे उपदेश केला नाही, व्यवहार केला. किब्बरच्या गावसभेशी करार झाला: सुमारे पाच चौरस किलोमीटर कुरणावर गावाने गुरं न्यायची नाहीत आणि त्या बदल्यात गावाला मोबदला. काही वर्षांत तिथले भरल वाढले. २००२ मध्ये गावाने चालवलेला गुरांचा विमा सुरू झाला. हप्ता गावकरी भरतात, जनावर खरंच हिमबिबट्याने मारलं का हे गावकरीच तपासतात. शेजाऱ्याचा खोटा दावा पास केला तर आपल्याच पेटीतला पैसा जातो, म्हणून तपासणी चोख होते. पुढे गोठ्यांच्या दारांना आणि छतावरच्या झरोक्यांना जाळ्या बसल्या. बिबट्या आत शिरला की एकावर थांबत नाही, घाबरलेली दहा-पंधरा जनावरं एका रात्रीत जातात. ते या जाळ्यांनी थांबलं.

आकड्यांबद्दल एक सावधगिरी. देशातल्या पहिल्या मोजणीनुसार भारतात ७१८ हिमबिबटे आहेत (२०२४ मध्ये जाहीर झालेला आकडा), त्यांपैकी ४७७ एकट्या लडाखमध्ये आणि हिमाचलात ५१. हिमाचलने नंतर केलेल्या मोजणीत आकडा ८३ वर गेला. यावरून ‘बिबटे साठ टक्क्यांनी वाढले’ असे मथळे आले. या मोजणीत डोंगरांत स्वयंचलित कॅमेरे लावतात, अंगावरच्या ठिपक्यांच्या नक्षीवरून एकेक प्राणी ओळखतात आणि त्यावरून एकूण संख्येचा अंदाज बांधतात. अंदाजाला नेहमी खालची-वरची मर्यादा असते. आकडा चांगला आहे, मथळा घाईचा आहे.

बायोस्फिअर रिझर्व म्हणजे नेमकं काय?

राष्ट्रीय उद्यानाची कल्पना सोपी आहे: कुंपण, आत प्राणी, बाहेर माणसं. युनेस्कोने १९७१ मध्ये ‘माणूस आणि जीवावरण’ हा कार्यक्रम सुरू केला. त्यातली कल्पना अशी की माणसाला बाहेर काढून निसर्ग टिकत नाही, तेव्हा दोघांना एकाच नकाशावर बसवून बघू. म्हणून बायोस्फिअर रिझर्वचे तीन पट्टे असतात. आतला गाभा, जिथे निसर्गाला हात लावायचा नाही. त्याभोवती मधला पट्टा, जिथे अभ्यास, मर्यादित चराई, पर्यटन अशा बेताच्या गोष्टी चालतात. आणि बाहेरचा पट्टा, जिथे गावं, शेती, बाजार. इथे गाभा २,६६५ चौरस किलोमीटर, मधला पट्टा ३,९७७ आणि बाहेरचा १,१२८.

भारत सरकारने हे क्षेत्र २००९ मध्येच बायोस्फिअर रिझर्व जाहीर केलं होतं. देशात अशी १८ आहेत. महाराष्ट्रात एकही नाही. आपल्याला जवळचं म्हणजे मध्य प्रदेशातलं पचमढी. २०२५ मध्ये झालं ते इतकंच की हे क्षेत्र जागतिक यादीत गेलं.

इथे एक गल्लत होते. कास पठार ज्या पश्चिम घाटांच्या गटातून २०१२ मध्ये युनेस्कोच्या यादीत गेलं, ती जागतिक वारशाची यादी. ती आंतरराष्ट्रीय करारातून आलेली आहे. बायोस्फिअर रिझर्वची यादी वेगळी. तिच्यामागे कायद्याची काठी नाही आणि फार पैसाही नाही. युनेस्को स्पितीत एक इंच जमीन ताब्यात घेत नाही आणि एका जेसीबीलाही अडवू शकत नाही. अडवायचं तर १९७२चा वन्यजीव संरक्षण कायदा आहे, आणि तो फक्त राष्ट्रीय उद्यान व अभयारण्य यांच्या हद्दीत पूर्ण ताकदीने चालतो. दर दहा वर्षांनी आढावा घेतला जातो. कामगिरी वाईट असेल तर नाव काढून घेण्याची वेळ येऊ शकते. धाक असेल तर तेवढाच.

‘मग गावं उठवणार का?’

नाही. या सगळ्या क्षेत्रात मिळून सुमारे १२,००० माणसं राहतात. चौरस किलोमीटरला दोनसुद्धा नाहीत. लाहौल-स्पिती हा राज्यघटनेच्या पाचव्या अनुसूचीतला प्रदेश आहे, इथल्या आदिवासी समाजाच्या जमिनींना वेगळं संरक्षण आहे. गावं बाहेरच्या पट्ट्यात धरली आहेत, ती तिथेच राहणार.

पण चराईचं दुखणं खरं आहे, ते झाकू नये. गाभ्यात गुरं नेऊ नका म्हटलं की कुणाचं तरी पिढीजात कुरण बंद होतं. किब्बरचा करार टिकला याचं कारण गावाने स्वतः जागा निवडली होती आणि मोबदला ठरवून घेतला होता. तेच शिमल्याहून फर्मान म्हणून आलं असतं तर रात्री गुरं आत गेली असती आणि पाहणाऱ्याने पाहिलं नसतं.

‘एवढी मोकळी जागा आहे, झाडं लावा की’

स्पिती पाहून आलेल्या दर दहातल्या निदान दोघांना हे सुचतं. हेतू चांगला आहे, उपाय घातक. इथे झाडं नाहीत ती कुणी तोडली म्हणून नाहीत. पाणी नाही म्हणून नाहीत. मोकळ्या उतारावर रोप लावलं तर त्याला कूल्हेचं पाणी द्यावं लागेल, म्हणजे कुणाच्या तरी मटारातून काढून. भरल हिमबिबट्याला लांबून पाहू शकतो आणि कड्यावर पळून जीव वाचवतो, तो उतार उघडा असतो म्हणूनच. नदीकाठी आणि गावाशेजारी विलो, पॉप्लर लावायची रीत जुनी आहे, छताच्या लाकडासाठी आणि सरपणासाठी. ती ठीक. छरमा हे काटेरी झुडूप तर माती धरून ठेवतं, जमिनीत नत्र वाढवतं आणि त्याची आंबट नारिंगी फळं विकली जातात. डोंगरच्या डोंगर हिरवे करण्याची हौस मात्र घरी ठेवावी.

याच ‘मोकळ्या जागे’कडे सौर ऊर्जावाल्यांचीही नजर आहे. काझा या स्पितीतल्या मुख्य गावाच्या परिसरात ८८० मेगावॉटच्या सौर उद्यानाचा प्रस्ताव पुढे आलेला आहे. ऊन भरपूर, जमीन ‘रिकामी’. स्वच्छ वीज हवीच. पण जागा निवडताना कुरण कुठलं आणि नुसता खडक कुठला, एवढं स्पितीच्या मेंढपाळाला विचारायला काय हरकत आहे?

‘पर्यटन बंद करायचं का?’

बंद कुणी करत नाही, आणि मटारानंतर पैसा तिथूनच येतो. प्रश्न कोणत्या तऱ्हेचं, हा आहे. चंद्रतालचं उदाहरण घ्या. २००५ पासून ते आंतरराष्ट्रीय महत्त्वाची पाणथळ म्हणजे रामसर स्थळ आहे. सुमारे ४,३०० मीटरवर, आकार जेमतेम ४९ हेक्टर. तंबू आता काठापासून दूर ठेवावे लागतात. जुलै २०२३ मध्ये अवेळी बर्फ आणि पाऊस कोसळून तिथे अडीचशेहून जास्त पर्यटक अडकले, त्यांना बाहेर काढायला रस्त्यावरचा बर्फ यंत्रांनी हटवावा लागला.

कचऱ्याचा परिणाम तर अनपेक्षित जागी दिसतो. हॉटेलं आणि तंबूंच्या उष्ट्यावर भटकी कुत्री वाढली. हिवाळ्यात पर्यटक निघून जातात, उष्टं संपतं आणि कुत्र्यांच्या टोळ्या गुरांवर जातात. वरच्या स्पितीतल्या एका अभ्यासात मारल्या गेलेल्या जनावरांपैकी निम्म्याहून जास्त कुत्र्यांनी मारलेली आढळली. हिमबिबट्या आणि लांडगा त्यानंतर. बदनामी कुणाची होते, हे सांगायला नको.

आणि पाणी. स्पितीतल्या जुन्या घरांत कोरडं शौचालय असतं: वर माती-राख टाकायची, वर्षभराने खत शेतात. थेंबभर पाणी लागत नाही. आपण तिथे जाऊन फ्लश मागतो. ते मागणं थांबवणं हे सगळ्यात सोपं काम, आणि त्यासाठी युनेस्कोची गरज नाही.

‘हवामान बदलून पाऊस वाढला तर वाळवंटाचं भलंच होईल ना?’

वरवर पाहता तर्क बरोबर वाटतो. पण इथलं सगळं बांधलेलं आहे ते पाऊस पडणार नाही या भरवशावर. घरं मातीच्या विटांची, छतं सपाट, मातीची. बर्फ पडला तर फावड्याने ढकलून देता येतो. पाऊस पडला तर माती तो पिते, जड होते आणि गळते. ९९६ साली स्थापन झालेला स्पितीतला ताबोचा बौद्ध मठ मातीचाच आहे. त्याच्या भिंतींवरची चित्रं हजार वर्षं टिकली, यात चित्रकाराच्या कौशल्याइतकाच कोरड्या हवेचा हात आहे. डोंगरउतारांचंही तसंच. झाडांची मुळं नाहीत, माती सैल. तिच्यावर तासभर जोराचा पाऊस झाला की दगड-चिखलाचा लोंढा खाली येतो आणि वाटेतली कूल्ह, शेत, रस्ता घेऊन जातो. ते पाणी साठत तर नाहीच. बचत खात्यात जमा व्हायच्या जागी ते थेट सतलजला जाऊन मिळतं.

पहिला दशवार्षिक आढावा २०३५ च्या सुमारास होईल. त्या वेळी हिमबिबट्याचा आकडा सगळ्यात आधी छापून येईल. तो वाचाच, पण सोबत आणखी तीन गोष्टी शोधा: भरल किती आहेत, भटकी कुत्री किती आहेत, आणि जूनअखेरीस किती गावांच्या कूल्हांना पाणी होतं. शेवटची नोंद कदाचित कुठल्याच अहवालात नसेल. ती किब्बर-कोमिकच्या शेतकऱ्याला विचारावी लागेल.